मधला बांध

१

माझ्या सासरी सोमवारी माजघर सारवायचं आणि शुक्रवारी ओटी. चुकलं तर आत्याबाई, म्हणजे माझी सासू वेणूबाई, दिवसभर मला नावानं हाक मारायच्या नाहीत. "ए, तू" एवढंच. म्हणून मी चुकत नसे. भांडी झाली की शेणाची पाटी घ्यायची, आतल्या कोपऱ्यातून सुरुवात करायची आणि मागं सरत सरत दारापर्यंत यायचं. हाताला जमीन पाठ होते. कुठं खळगा, कुठं खडा, कुठं मुंग्यांचं भोक, डोळे मिटून सांगावं.

मिठाच्या सत्याग्रहाच्या एक-दोन वर्षं आधीची ही गोष्ट. चैत्र होता. मी भाताच्या कणगीमागं हात घातला आणि हात खाली गेला.

तिथं खड्डा होता. लहान पाटीभर माती निघेल एवढा. आदल्या सोमवारी तो नव्हता.

"आत्याबाई, हितं कुणी खणलं?"

त्या चुलीपाशी होत्या. उठून आल्या नाहीत. "घूस असंल."

"घूस कुदळीसारखी सरळ कापते व्हय?"

"तुला घुशीचं लय कळतं. बुजव अन् सारव."

मी परसातली माती आणली, खड्ड्यात भरली, चोपण्यानं चोपली. आमचं घर टेपाच्या उंचवट्यावर, रेवदंड्याच्या खाडीच्या आत, पाण्यापासून चांगलं उंच. टेपाची माती तांबडी, कोरडी. खाली खाडीलगत खारी शेतं, तिथली माती काळी, चिकट, तोंडाला खारट. शेतातून वर येताना पायरीवर पाय धुतल्याशिवाय कुणी घरात यायचं नाही. खालची माती खाली, वरची वर.

त्याच दिवशी मामंजी शेताला फेरी घालणार होते. घरात कुदळ नेमकी त्याच सकाळी का चालली, हा प्रश्न मला तेव्हा पडला नाही.

२

फेरीचं सांगते.

माझे सासरे रावजी आणि त्यांचे चुलतभाऊ धर्माजी. दोघांच्या आज्यानं खाडी हटवून केलेलं एक मोठं खारं शेत होतं, तिवरीचं शेत म्हणायचे त्याला. दोघांनी त्याची वाटणी केली ती तोंडी. गावचे दोन म्हातारे पंच उभे केले आणि दोघांनी मिळून शेतात मधला बांध घातला. कागद झाला नाही. भावाभावांत कागद कशाला?

मग एका भादव्याच्या उधाणाला बाहेरचा बांध फुटला. खांड पडली की बाप्ये पेंढा आणि चिखलाचे गोळे घेऊन त्या भोकात उभे राहतात, आपल्या अंगानं पाणी अडवतात. धर्माजीकाका असेच उभे राहिले. पाण्यानं त्यांना नेलं. तिवरांत सापडले तेव्हा दोन्ही मुठींत चिखल घट्ट धरलेला होता. मुठी उघडेनात, तसंच जाळलं.

त्यांच्या मागं सोनाबाई, माझी चुलतसासू. मूल नाही. दिवस झाले आणि मामंजींनी नांगर घालून मधला बांध मोडला. तलाठ्याला सांगितलं, वाटणी कधी झालीच नव्हती, सगळं सामाईक. पंचांतला एक मेला होता, दुसऱ्याला आता काही आठवत नव्हतं. सगळं शेत मामंजींच्या नावावर चढलं.

सोनाकाकीला म्हणाले, "खायला-ल्यायला देतो. घरात येऊन रहा."

काकी म्हणाली, "भावजी, मला भाकरी नको. माझा बांध द्या."

वाटणी झाली असेल तर नवऱ्याचं शेत बायकोला. झाली नसेल तर तिला नुसतं पोटाला. कायदा तेवढाच होता, आणि काकीचं सगळं आयुष्य त्या एका बांधावर आलं होतं. नुरुद्दीनशेठ म्हणून मचवेवाले होते, आमचं भात मुंबईला न्यायचे. त्यांच्या नारळीच्या वाडीत ती कामाला लागली आणि त्यांच्याच ओळखीनं अलिबागच्या कोर्टात उभी राहिली.

साक्षीदार मिळेना. शेवटी तिनं स्वतःच साहेबांना सांगितलं, "आमच्यात शिवेचं भांडण असलं की वादाची माती डोईवर घेऊन शिवेनं चालतात. भावजींनी शेतातलं ढेकूळ डोक्यावर घेऊन सबंध शेताला फेरी घालावी आणि वाटणी झाली न्हाय म्हणून सांगावं. मी दावा सोडते."

साहेबांनी तिला परत परत विचारलं म्हणे, "बाई, यानं तू बांधली जाशील. समजतंय?"

"तेबी बांधले जातील," काकी म्हणाली.

माझा नवरा कोंडाजी कोर्टात होता. त्यानं सांगितलं, बाबांनी लगेच हो म्हटलं नाही. पाणी मागितलं, प्याले, आणि मग हो म्हटलं.

३

सगळा गाव बाहेरच्या बांधावर जमला होता. कोर्टानं एक वकीलसाहेब पाठवले होते बघायला, ते छत्री धरून उभे. मामंजी आंघोळ करून ओलेत्यानं आले. उघडं अंग, उघडं डोकं. शेताच्या कोपऱ्यात वाकले, एक काळं ढेकूळ उचललं आणि डोक्यावर धरलं.

"ही माती माझी. हिच्यात दुसऱ्या कुणाची वाटणी झालेली न्हाय. खोटं बोललो असंन तर हिनं मला पोटात घ्यावं."

आणि चालायला लागले. ऊन तापलं होतं. खाडीच्या कडेनं गेले, उघाडीवरून वळले. उघाडी म्हणजे शेताचं पाणी सोडायचं लाकडी दार. तिथून आम्ही बाया उभ्या होतो त्या बाजूनं आले. माझ्यासमोरून जाताना त्यांच्या कपाळावरून घामाची एक धार उतरली. ती तांबडी होती.

मला वाटलं रक्त. मी पुढं झाले, तर कोंडाजीनं माझा दंड धरला. मग मी नीट बघितलं. ढेकळावरचा काळा चिखल उन्हानं सुकून तडकला होता आणि भेगांतून आतली माती दिसत होती. तो रंग मला ओळखीचा होता. सकाळपासून माझ्या नखांत तोच होता.

माझ्या शेजारी सोनाकाकी उभी होती. तिनंही बघितलं. तिचे डोळे त्या धारेबरोबर भुवईपर्यंत खाली आले. मला वाटलं, आता ओरडेल. ती काहीच बोलली नाही. मामंजी फेरी पुरी करून थांबले, वकीलसाहेबांनी लिहून घेतलं, काकीनं अंगठा दिला आणि ती वाडीच्या वाटेला लागली.

दुपारी मामंजी पोटभर जेवले. खुशीत होते.

"कोर्टाला डोईवर माती पायजे होती. दिली."

"हळू बोला," आत्याबाई म्हणाल्या.

"का? माझ्या घरची माती, माझी. हिच्यात कुणाची वाटणी न्हाय. यात खोटं काय हाय, सांग की. देवालाबी तोंड दाखवीन."

मी ताक वाढत होते. मला हसू आलं नाही, पण खरं सांगते, भीतीही वाटली नाही. वाटलं, म्हातारा हुशार आहे.

४

पुढच्या सोमवारी कणगीमागचा तुकडा ओला होता. शेण वाळताना कडेनं पांढुरकं होतं, तसं झालं होतं. पण ते पांढरं बोटाला लागलं. मी जिभेवर ठेवलं. मीठ.

वाटलं, गोठ्यासाठी आणलेलं मीठ सांडलं असेल. पुसलं, सारवलं, मागं सरत आले, तर हात कशावर तरी चढला. घोंगडीखाली दोर राहावा तशी जमीन उचललेली. हात फिरवत गेले. ती उंची कणगीपासून निघून माजघरातून सरळ मागल्या दारापर्यंत गेली होती. मी चोपणं घेऊन ती बसवली. दुसऱ्या दिवशी ती परत उठली, थोडी जास्त.

"घूस," आत्याबाई म्हणाल्या. आता त्या माझ्याकडं न बघता बोलत होत्या.

कोंडाजी म्हणाला, घूस तर घूस, काढतो. त्यानं एका जागी पहार घातली. वरची तांबडी माती निघाली आणि खाली काळा चिखल लागला. शेतातला, वास येणारा. चिखलाखाली पेंढा होता. एक थर पेंढा, एक थर चिखल, पुन्हा पेंढा, हातानं दाबून बसवलेला. बांध घालतात तसा.

 कोंडाजीनं पहारीनं काढलेलं परत भरलं आणि हात धुवायला गेला. मागल्या दारी बराच वेळ पाणी ओतल्याचा आवाज येत होता.

त्या उंचीच्या अलीकडं, चुलीकडं, घर कोरडं असायचं. पलीकडं, कणगीच्या बाजूला, जमीन ओली व्हायची. आज न्याहारीच्या वेळी ओली, तर उद्या त्याच्या जरा उशिरा, परवा आणखी उशिरा. मग सुकायची, मग परत. खाडीकाठच्या पोरीला हे कुणी शिकवावं लागत नाही. मी स्वतःला समजावलं की घराखालून एखादा झरा असेल. खाडीजवळच्या विहिरींचं पाणीही भरतीबरोबर चढतं. पण आमची विहीर टेपाच्या पायथ्याला होती, आणि तिचं पाणी होतं तिथंच होतं.

कणगीतलं भात आम्ही काढून घेतलं. खालचं सगळं खारट झालं होतं. कोंबड्यांनीही टाकलं.

५

नुरुद्दीनशेठ आले ते वैशाखात. ओटीवर न थांबता माजघराच्या दाराशी आले, कारण बोलणं खाजगी होतं.

"रावजीभाऊ, कोर्टाचं झालं ते झालं. त्यात मी पडत न्हाय. पण खुदाचं नाव घेऊन सांगतो, त्या बाईला तिचं अर्धं द्या. तुमचा माझा बापाच्या जमान्यापासूनचा लेनदेन, म्हणून बोलतो."

"शेठ, तुम्ही भात मोजा. शेतं आम्ही बघू."

"बघा बघा. दोन डोळे तुम्हांला, दोन वरच्याला."

"वरच्यासमोरच चाललोय की मी."

मी पाण्याचा तांब्या घेऊन उभी होते. मामंजींनी आत या म्हटलं तसे शेठ उंबरा ओलांडायला लागले, आणि त्यांनी एका हातानं लुंगी घोट्याच्या वर उचलली. सगळी हयात मचव्यावरून उथळ पाण्यात उतरण्यात गेलेला माणूस. पाणी दिसलं की हात आपोआप जातो. जमीन तर कोरडी दिसत होती, त्या वेळी.

पाय उंबऱ्यावर तसाच राहिला. त्यांनी आपल्या हाताकडं बघितलं, लुंगीकडं बघितलं. मग पाय मागं घेतला.

"पाणी घ्या," मी म्हटलं.

"नको पोरी." ते माझ्या मागं, माजघराच्या अंधाराकडं बघत होते. "तुम्ही लोक ह्यात झोपता?"

"ह्यात म्हणजे?" मामंजी म्हणाले.

शेठ मागं वळले. जाताना पायरीवर बसून त्यांनी पाय धुतले. येताना धुवायचे असतात. त्यांनी जाताना धुतले.

त्यानंतर मी बघत राहिले. न्हावी आला, त्यानं धोतर उचललं. माझी आई आली, तिनं लुगड्याचा काठ उचलला आणि गप्पा मारत आत आली, तिचं तिला कळलंही नाही.

६

पेरणीच्या आधी कोंडाजी बैल घेऊन तिवरीच्या शेतात गेला. उन्हं डोक्यावर यायच्या आत परत आला. नांगराचा फाळ वाकला होता.

"काय झालं?" मामंजींनी विचारलं.

"जमीन घेत न्हाय."

"खार हाय, वरनं सुकलंय. जरा दाबून धर."

"बाबा, तुम्ही येऊन बघा."

आम्ही सगळीच गेलो. शेत सपाट आणि गुळगुळीत पडलं होतं. खाऱ्या जमिनीला उन्हाळ्यात भेगा जातात, कुर्ल्यांची बिळं असतात, मिठाची खपली धरते. इथं भेग नव्हती, बीळ नव्हतं. मी वाकून हात फिरवला. हाताला जे लागलं ते मी दर सोमवारी आणि शुक्रवारी लावत आले होते. चोपलेली, सारवलेली, वाळलेली जमीन. एका जागी तर बोटांचे अर्धगोल उमटलेले, सारवताना उमटतात तसे.

वासही चुलीच्या धुराचा होता. भर खाडीवर.

आत्याबाई कडेला उभ्या होत्या, आत उतरल्या नाहीत. मामंजी मात्र मधोमध गेले आणि टाच आपटून बघितली. ठक् ठक् आवाज आला. त्यांनी आमच्याकडं पाठ केली होती, त्यामुळं तोंड दिसलं नाही.

"पाऊस पडला की मऊ होईल," ते म्हणाले.

पाऊस पडला. शेतावर पडलेलं पाणी ओटीवरून निथळावं तसं निथळून गेलं.

७

आता एक दुपार सांगते. मी जे बघितलं तेवढंच सांगते, त्याला काही जोडत नाही.

जेवणं झाली होती. कोंडाजी गावात गेला होता, मामंजी ओटीवर पडले होते. मी परसात लाकडं झाकत होते. माजघरातून थप् थप् आवाज यायला लागला. वाटलं, आत्याबाई संध्याकाळच्या भाकऱ्या आत्ताच थापतायत. पण भाकरीचा आवाज हलका असतो आणि मध्ये थांबतो, तव्यावर टाकायला. हा थांबत नव्हता. जड, ओला, सावकाश.

मी मागल्या दाराशी आले. तिथून ओटीही दिसते. आत्याबाई ओटीवर तांदूळ निवडत बसल्या होत्या, सुपावर मान घालून. त्यांनाही ऐकू येत असणार. त्यांचा हात सुपात नुसता फिरत होता, खडा एकही बाहेर पडत नव्हता.

मी माजघरात बघितलं.

कौलाच्या फटीतून उजेडाची एक पट्टी पडली होती. तिच्या पलीकडं कुणी वाकलेलं होतं. पाठ दिसत होती, बरगड्या, आणि कोपरापर्यंत काळे हात. हात खाली जायचे आणि उंची दाबायचे. गुडघ्याखाली पाय दिसत नव्हते. जिथं पाय असायला हवे तिथून जमीन सुरू होत होती.

मी मनाला म्हटलं, दांडीवर कांबळं वाळत घातलंय, ते हलतंय. कांबळं मी सकाळीच पेटीत ठेवलं होतं, तरी म्हटलं.

धर्माजीकाकांना मी जेव्हा जेव्हा पाहिलं ते असंच, पाठमोरं, शेतात वाकलेलं. नव्या सुनेनं सासऱ्यांच्या तोंडाकडं बघायचं नसतं. त्यामुळं तोंडावरून मी त्यांना ओळखलं नसतं. पाठीवरून ओळखलं.

हात वर गेला तो हवेतच थांबला. कुणी बांधावर येऊन उभं राहिलं की काम करणाऱ्याला न बघता कळतं, तसं. मान वळायला लागली.

मी डोळे मिटले. उघडले तेव्हा उजेडाच्या पट्टीत धूळ उडत होती. उंचीवर दोन तळव्यांचे ठसे होते, ओले, शेजारी शेजारी.

ओटीवरून आत्याबाईंचा आवाज आला, "आवडे, तिकडं जाऊ नको गं." किती दिवसांनी मला नावानं हाक मारली त्यांनी.

८

तोवर आम्ही सगळी ती उंची ओलांडायची सोडून दिली होती. अर्धं घर आमचं, अर्धं नाही, असं कुणी न बोलता ठरलं होतं. ती घोट्यापर्यंत आली, मग नडगीपर्यंत. मामंजींना तेच सहन होईना. बाकी सगळं त्यांनी गिळलं असतं.

ज्येष्ठी अमावस्येला ते सकाळपासून फावडं घासत बसले होते. दुपार व्हायला आली तसे उठले.

"माझ्या घरात कुणाचा बांध? एकदा मोडला, परत मोडीन."

आत्याबाई आडव्या आल्या. "अहो, आत्ता नको. भरती हाय."

बोलून गेल्या आणि त्यांनी तोंडावर पदर धरला. इतके दिवस त्या घूस म्हणत होत्या.

मामंजींनी त्यांना बाजूला केलं आणि उंचीच्या मध्यावर फावडं घातलं. पहिल्याच घावाला आवाज आला. उघाडीचं दार वर ओढल्यावर पाणी जसं आत घुसतं, तसा. जमिनीवर पाण्याचा थेंब नव्हता. मामंजी चिडून पलीकडं उतरले, तिकडून मारायला. एक पाय ठेवला, दुसरा ठेवला, आणि तिथंच उभे राहिले.

"कोंडू," ते म्हणाले. आवाज अगदी साधा होता. "हात दे रं."

"काय झालं?"

"रुतलो."

मला त्यांची पावलं दिसत होती. जमिनीच्या वर, दहाही बोटं. त्यांनी ती उचलायचा जोर केला, मांड्या थरथरल्या, पण पावलं हलली नाहीत. कोंडाजीनं हात धरून ओढलं. तो नांगराचे बैल अडवणारा गडी. त्याच्या मानेच्या शिरा फुगल्या.

"कमरेला आलं," मामंजी म्हणाले. "फळी टाक. फळी टाक रं!"

खाडीच्या चिखलात माणूस रुतला की फळी टाकतात आणि पालथं पडून ओढतात. माझ्या नवऱ्यानं माजघराचं दार बिजागरीतून काढलं, कोरड्या जमिनीवर टाकलं, त्यावर पालथा पडला आणि बापाला काखेत धरून ओढायला लागला. मी त्याचे पाय धरले. एखाद्यानं बघितलं असतं तर वेड लागलंय म्हटलं असतं. आम्हांलाही माहीत होतं की जमीन कोरडी आहे. तरी आम्ही ओढत होतो.

"छातीला," मामंजी म्हणाले. पुढं बोलले नाहीत. तोंड वर केलं, उंच, पाण्यात बुडता माणूस करतो तसं.

खाडीला भरती पुरी झाली तेव्हा ते सुटले आणि कोंडाजीच्या अंगावर कोसळले. अंगात जीव नव्हता.

वैद्य म्हणाले, अंगावरून वारं गेलं, त्यात पायांचं बळ जातं, माणूस भलतंसलतं बोलतो. मला ते पटलं. आजही कधी कधी पटतं. पण आंघोळ घालताना मी पाणी ओतत होते. छातीवर एक रेघ होती, बगलेखालून सरळ पाठीकडं गेलेली. रेघेच्या खाली कातडी सुरकुतलेली होती, दिवसभर पाण्यात राहिल्यासारखी. वर कोरडी. आत्याबाईंनी घाईनं त्यावर कापड ओढलं.

९

दिवस झाले तसा कोंडाजी नुरुद्दीनशेठच्या वाडीत गेला. मीही गेले. काकी झावळ्या विणत होती.

"काकी, शेत तुझं. अर्धं न्हाय, सगळं घे. तलाठ्याकडं चल, मी आमचं नाव काढून देतो."

काकीनं विणणं थांबवलं नाही. "कोर्टात मी जबान दिली. ती फिरवू व्हय? शेत तुमचं झालं."

"आम्हांला नको गं ते. नांगर लागत न्हाय त्याला."

"लागंल कसा? घराला नांगर लागतो का?"

कोंडाजी खाली बसला. मी म्हटलं, "काकी, तुम्ही त्या दिवशी बघितलंत ना? बोलला का नाहीत?"

"कशाला बोलू? भावजी घरची माती डोईवर घेऊन माझ्या शेताच्या शिवेनं फिरले. शिवेनं फिरवली ती माती शेताची. हे मी न्हाय ठरवलं." तिनं झावळीची पात ओढून घट्ट केली. "ह्यांना माझा बांध परत घालायचा होता. हे कामाला लागले."

"हे" म्हणजे कोण, आम्ही विचारलं नाही.

"मग आता काय करायचं?" कोंडाजी म्हणाला. त्याचा आवाज लहान पोरासारखा झाला होता.

"माझी वाटणी पडलीय. येते."

दुसऱ्या दिवशी भर दुपारी ती आली. कमरेवर मडकं, डोक्यावर गाठोडं. आत्याबाई ओटीवर होत्या, त्यांनी तिच्याकडं बघून नुसते हात जोडले. काकीनं त्यांच्या हातांवर हात ठेवला, दोघी जावा क्षणभर तशाच राहिल्या, मग काकी आत गेली. मामंजींनी मोडलेली जागा रातोरात भरून आली होती. बांध अख्खा होता. तिनं तो ओलांडला. पलीकडं गेल्यावर तिची चाल बदलली, जड झाली, पाय उपसून टाकावा तशी.

गाठोड्यातून तिनं तीन दगड काढले आणि चूल मांडली.

मी बांधाच्या अलीकडं माझ्या चुलीवर भाकऱ्या करत होते. मी तिच्याकडं पाठ करून बसले होते. तिचं लाकूड पेटल्याचा आवाज ऐकला, भात रटरटल्याचा ऐकला. मग तिनं दोन पानं मांडली. एक पान मांडलं की एकदा सळसळतं. दोनदा सळसळलं.

"वाढलंय," ती म्हणाली. घरातल्या माणसाला म्हणावं तसं, जरा वैतागून. "किती येळ त्या बांधात हात घालून बसणार? या आता."

माझ्या मागं कुणीतरी चिखलातून पाय काढला. एक, मग दुसरा. मग पाण्याचा आवाज आला, कुणी हात धुतो तसा, चांगला कोपरापर्यंत, घासून घासून.

मी भाकरी थापत राहिले. ती तव्यापेक्षा मोठी झाली, तिच्या कडा फाटल्या, तरी थापत राहिले.